गोल न होऊ देणारा गडी : बचावात्मक मध्यरक्षकाचे काम आणि क्लायमॅक्स लॉरेन्सची कारकीर्द

आय-लीग या भारताच्या तत्कालीन सर्वोच्च फुटबॉल साखळी स्पर्धेचे २०११-१२ चे विजेतेपद गोव्याच्या धेंपो स्पोर्ट्स क्लबने मिळवले, तेव्हा त्या संघाचा नायजेरियन आघाडीपटू रँटी मार्टिन्स याने एकट्याने ३२ गोल केले होते, आणि त्या हंगामाची आठवण निघते ती बहुधा या आकड्यामुळेच निघते. धेंपोच्या मधल्या फळीत अनेक वर्षे खेळलेला क्लायमॅक्स लॉरेन्स हा गोमंतकीय खेळाडू गोल करणाऱ्यांच्या यादीत मात्र क्वचितच दिसतो. तरीही क्लबच्या आणि देशाच्या संघात त्याचे स्थान दीर्घकाळ पक्के राहिले आणि पुढे भारताचे कर्णधारपदही त्याच्याकडे आले. याच जातकुळीचा इटालियन खेळाडू जेनारो गात्तुसो आपल्या देशासाठी ७३ सामने खेळला, त्यांत त्याने केवळ एक गोल केला आणि तरीही २००६ च्या विश्वविजेत्या संघात तो अटळ मानला गेला. गोल करणे हेच ज्या खेळाचे उद्दिष्ट, त्या खेळात गोल न करणाऱ्याला एवढे मोल का मिळावे, हे कोडे फुटबॉल आवडीने पाहणाऱ्या पुष्कळांना पडते.

‘तो खूप धावतो’ हे या कोड्याचे नेहमी दिले जाणारे उत्तर खोटे नाही, पण अपुरे आहे, कारण खूप धावणारे खेळाडू प्रत्येक संघात असतात आणि त्यांतले थोडेच अपरिहार्य ठरतात. खरे उत्तर मैदानाची भूमिती, शरीराची दम भरून काढण्याची क्षमता आणि सोबत्यांच्या कामाची वाटणी या तीन गोष्टींत दडलेले आहे.

मैदानाचा मध्य एवढा मोलाचा का?

आंतरराष्ट्रीय सामन्यांसाठी प्रचलित असलेले मैदान १०५ मीटर लांब आणि ६८ मीटर रुंद असते, म्हणजे त्याचे क्षेत्रफळ ७,१४० चौरस मीटर भरते. गोलरक्षक वगळता उरलेल्या दहा खेळाडूंत ते समान वाटले, तर प्रत्येकाच्या वाट्याला सातशेहून अधिक चौरस मीटर जमीन येते. एवढी जमीन एकट्याने राखणे कोणालाही शक्य नसल्यामुळे कोणता भाग प्रतिस्पर्ध्याला मोकळा सोडायचा आणि कोणता कोणत्याही परिस्थितीत सोडायचा नाही, हे प्रत्येक संघाला ठरवावे लागते. जवळपास सर्व संघ कडेच्या पट्ट्या काही प्रमाणात मोकळ्या सोडतात आणि मध्यभाग आवळून धरतात, याचे कारण गोलच्या चौकटीशी निगडित आहे. दोन खांबांमधील अंतर ७.३२ मीटर असते. समोरून पाहणाऱ्या खेळाडूला ती चौकट पूर्ण रुंदीने दिसते, तर कडेच्या रेषेजवळ पोहोचलेल्याला ती तिरकी आणि अरुंद दिसते. शिवाय कडेला उभ्या असलेल्या खेळाडूची एक बाजू रेषेनेच अडवलेली असते, तर मध्यभागी चेंडू मिळालेल्या खेळाडूला डावीकडे, उजवीकडे आणि थेट पुढे असे तिन्ही मार्ग खुले असतात.

ठाणे-डोंबिवलीच्या रहिवाशांना हे कल्याण जंक्शनच्या उदाहरणाने लगेच ध्यानात येईल. मुंबईहून येणारा मार्ग कल्याणला फुटतो आणि एक फाटा कसाऱ्याकडे, तर दुसरा कर्जतकडे जातो. त्यामुळे गाड्या थांबवायच्याच झाल्या, तर पुढच्या प्रत्येक स्थानकावर माणूस उभा करण्याची गरज पडत नाही, कल्याणचा सिग्नल लाल ठेवला की दोन्ही दिशांची वाहतूक आपोआप थांबते. बचावफळीच्या समोर, म्हणजे शेवटच्या चार बचावपटूंच्या दहा-पंधरा मीटर पुढे, जो मोकळा पट्टा असतो तो फुटबॉलच्या मैदानावरचा असाच फाटा असून त्याची राखण करणाऱ्या खेळाडूला बचावात्मक मध्यरक्षक असे म्हणतात. त्याने हा पट्टा धरून ठेवला, तर प्रतिस्पर्ध्याच्या आघाडीपटूंपर्यंत चेंडू सरळ पोहोचत नाही. तो कडेने वळवून आणावा लागतो, त्यात वेळ जातो आणि तेवढ्या वेळात विस्कळीत झालेली बचावफळी आपापल्या जागी परतते.

चेंडू हिसकावण्याआधीचे काम

प्रेक्षकाच्या नजरेत भरते ते टॅकल, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या पायातला चेंडू पाय घालून काढून घेणे; परंतु या खेळाडूच्या कामाचा मोठा भाग टॅकलची वेळच येऊ नये यासाठी खर्च होतो. त्यातली पहिली पायरी जागा घेण्याची आहे. चेंडू ज्याच्याकडे आहे तो प्रतिस्पर्धी आणि ज्याला तो मिळण्याची शक्यता आहे तो आघाडीपटू, या दोघांना जोडणाऱ्या अदृश्य रेषेवर मध्यरक्षक उभा राहिला, की तो पास देण्याचा विचारच सोडून द्यावा लागतो. चेंडू एका बाजूकडून दुसऱ्या बाजूकडे सरकला की ही रेषाही सरकते, म्हणून त्याला काही पावले इकडे, काही पावले तिकडे अशी सतत हालचाल करावी लागते, आणि या हालचालींची नोंद ना समालोचक घेतात, ना प्रेक्षक.

दुसरी पायरी खोळंबा करण्याची आहे. संघाने चेंडू गमावल्यानंतरचे पहिले काही सेकंद सर्वांत धोक्याचे असतात, कारण चढाईसाठी पुढे गेलेले सोबती अद्याप मागे वळलेले नसतात. अशा वेळी जवळचा मध्यरक्षक चेंडूवाल्याकडे झेपावतो, पण आततायीपणे पाय घालत नाही, कारण तो चुकला तर मागे राखण करणारा कोणीच उरत नाही. तो किंचित वळसा घेत धावतो, जेणेकरून त्याच्या पाठीमागे उभ्या असलेल्या प्रतिस्पर्ध्याकडे जाणारा पासही अडावा आणि चेंडूवाल्याला कडेकडेच वळावे लागावे. दोन-तीन सेकंदांचा असा खोळंबा झाला, तरी मागे परतणाऱ्या चार-पाच सोबत्यांना प्रत्येकी पंधरा-वीस मीटर अंतर कापता येते.

तिसरी पायरी पासमध्ये शिरून चेंडू अडवण्याची, म्हणजे इंटरसेप्शनची असून तिला पायांच्या वेगापेक्षा अंदाजाची गरज अधिक असते. पास देणाऱ्याचे खांदे कोणत्या दिशेला वळले आहेत, त्याची मान कधी वर झाली, त्याचा कोणता पाय जमिनीत रोवला गेला, या खुणांवरून अनुभवी मध्यरक्षक चेंडू निघण्याआधीच पहिले पाऊल टाकतो. चौथी पायरी ‘दुसऱ्या चेंडू’ची आहे : उंच आलेला चेंडू दोन खेळाडूंच्या डोक्यांच्या झटापटीतून उसळून ज्या जागी पडतो, त्या जागी आधी पोहोचणे हे काम नीरस दिसते, पण सामन्यात अशी उसळी अनेकदा येते आणि प्रत्येक वेळी चेंडूचा ताबा कोणाकडे जाणार याचा निकाल तेथेच लागतो. या चारही पायऱ्या अपुऱ्या पडल्या तरच पाचवी, म्हणजे टॅकलची पायरी येते. आणि तीही हुकली तर काही खेळाडू मैदानाच्या मध्यावरच जाणूनबुजून छोटा फाउल करून चढाई मोडतात. त्यासाठी पिवळे कार्ड पत्करावे लागते आणि उरलेला सामना सांभाळून खेळावा लागतो, म्हणून हा मार्ग वारंवार वापरता येत नाही.

नव्वद मिनिटांचा दम

ही सर्व कामे एकदा करून भागत नाही, ती नव्वद मिनिटे पुन्हा पुन्हा करावी लागतात, आणि येथे शरीरशास्त्राचा भाग सुरू होतो. इंग्लंडमधील क्रीडाशास्त्रज्ञ थॉमस रायली यांनी १९७६ मध्ये व्यावसायिक खेळाडूंच्या हालचालींचा जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात सर्वाधिक अंतर मधल्या फळीतले खेळाडू कापतात असे दिसले, आणि खेळाडू जेवढे अंतर धावतो त्याच्या दोन टक्क्यांहून कमी अंतरच चेंडूसह कापतो, हेही स्पष्ट झाले. आजच्या वरच्या दर्जाच्या सामन्यांत मध्यरक्षक साधारण १० ते १२ किलोमीटर अंतर कापतो. मात्र हे अंतर लांब पल्ल्याच्या धावपटूसारखे एका लयीत कापलेले नसते. चालणे, सावकाश धावणे, उलटे सरकणे, झटकन वेग घेणे आणि थांबणे असा बदल दर चार-सहा सेकंदांनी होत असल्यामुळे एका सामन्यात हजाराहून अधिक वेळा हालचालीचा प्रकार बदलतो.

वेगाच्या छोट्या धावेसाठी लागणारी ऊर्जा स्नायूंमध्ये साठवलेल्या फॉस्फोक्रिएटिन या द्रव्यातून मिळते, जे प्राणवायूची वाट न पाहता क्षणात ऊर्जा देते, पण पूर्ण वेगात धावल्यास काही सेकंदांतच ओसरते. ते पुन्हा तयार होण्यासाठी मात्र प्राणवायू लागतो, आणि म्हणून दोन धावांच्या मधल्या सावकाश हालचालीच्या काळात हृदय व फुप्फुसे स्नायूंना किती प्राणवायू पुरवतात आणि स्नायू तो किती वापरतात, यावर पुढची धाव किती जोमदार होणार हे ठरते. याचा अर्थ असा की, ज्याला लोक न थकणारा खेळाडू म्हणतात, तोही इतरांइतकाच थकतो, मात्र त्याचा थकवा इतरांपेक्षा लवकर उतरतो. शरीर एका मिनिटात जास्तीत जास्त किती प्राणवायू वापरू शकते या मापाला कमाल प्राणवायू ग्रहणक्षमता म्हणतात. सर्वसाधारण तरुण पुरुषात ती शरीराच्या दर किलो वजनामागे ४० ते ४५ मिलिलिटरच्या आसपास असते, तर व्यावसायिक फुटबॉलपटूंमध्ये ती साधारणपणे ५५ ते ६५ च्या दरम्यान आढळते.

ही क्षमता काही अंशी जन्मजात असली, तरी सरावाने वाढवता येते, याचा चांगला पुरावा नॉर्वेतील यान हेल्गेरूड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगातून मिळतो. त्यांनी कुमार वयाच्या खेळाडूंना आठवड्यातून दोनदा, आठ आठवडे, हृदयाचे ठोके कमाल पातळीच्या ९० ते ९५ टक्क्यांपर्यंत नेणाऱ्या चार-चार मिनिटांच्या चार धावा धावायला लावल्या. परिणामी या खेळाडूंनी सामन्यात कापलेले अंतर सुमारे २० टक्क्यांनी वाढले, वेगाच्या धावांची संख्या दुप्पट झाली, आणि विशेष म्हणजे चेंडूशी त्यांचा संबंध येण्याचे प्रमाणही वाढले. दम वाढला की खेळाडू खेळात अधिक वेळा सहभागी होतो, हा या प्रयोगाचा मध्यरक्षकाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा निष्कर्ष आहे.

दुसरा साठा ग्लायकोजेनचा, म्हणजे स्नायूंत आणि यकृतात साठवलेल्या पिष्टमय इंधनाचा असतो. स्वीडिश शरीरशास्त्रज्ञ बेंग्ट सॉल्टिन यांनी १९७० च्या दशकाच्या आरंभी दाखवून दिले की, ज्या खेळाडूंच्या मांडीच्या स्नायूंत सामन्याआधीच हा साठा कमी होता, ते उत्तरार्धात कमी धावले आणि त्यांचा बराच काळ चालण्यात गेला. सामन्याआधीच्या दिवशी भात, पोळी, बटाटा यांसारखे पदार्थ पुरेसे खाण्याचा आग्रह आहारतज्ज्ञ धरतात, त्यामागे हेच कारण आहे.

गोवा, मुंबई आणि ठाणे या किनारपट्टीच्या प्रदेशात या हिशेबात आणखी एका अडचणीची भर पडते. शरीर थंड होते ते घाम वाहण्यामुळे होत नाही, तो वाळण्यामुळे होते, आणि हवेत आधीच पुष्कळ बाष्प असेल तर घाम निथळतो पण वाळत नाही. शरीराचे तापमान चढते, रक्ताचा मोठा हिस्सा त्वचेकडे वळतो आणि स्नायूंना मिळणारा प्राणवायू घटतो. त्यामुळे किनारपट्टीवर वाढलेल्या मध्यरक्षकाला वायफळ धाव टाळण्याची शिस्त लवकर लावून घ्यावी लागते.

धेंपोचा काळ आणि क्लायमॅक्स लॉरेन्स

भारतीय फुटबॉलमध्ये या कामाचे उत्तम उदाहरण गोव्यात सापडते. राष्ट्रीय पातळीवरची साखळी स्पर्धा १९९६ मध्ये नॅशनल फुटबॉल लीग या नावाने सुरू झाली आणि २००७-०८ पासून तिची जागा आय-लीगने घेतली. आय-लीगच्या पहिल्या सहा हंगामांची विजेतेपदे धेंपो, चर्चिल ब्रदर्स आणि साळगावकर या गोव्याच्या तीन क्लबांनीच वाटून घेतली. त्यांतली तीन एकट्या धेंपोची होती. नॅशनल फुटबॉल लीगमधील २००४-०५ आणि २००६-०७ ची विजेतेपदे धरता धेंपोने आठ हंगामांत पाच वेळा देशाचे अजिंक्यपद मिळवले आणि २००८ मध्ये एएफसी चषक या आशियाई क्लब स्पर्धेची उपांत्य फेरीही गाठली.

या काळातील प्रशिक्षक आर्मांदो कोलासो यांच्या संघात गोल करण्यासाठी रँटी मार्टिन्स आणि चढाया रचण्यासाठी ब्राझीलचा बेटो असे परदेशी खेळाडू होते, तर बचावात महेश गवळी आणि समीर नाईक, कडेने क्लिफर्ड मिरांडा आणि अँथनी परेरा असे गोमंतकीय खेळाडू होते. १९७९ मध्ये जन्मलेला क्लायमॅक्स लॉरेन्स या दोन गटांच्या मध्ये उभा राहत असे. मार्टिन्स आणि बेटो यांनी चेंडू गेल्यावर मागे धावून येण्यात शक्ती घालवू नये, ती गोलजवळच्या क्षणांसाठी राखावी, अशी संघाची रचना करायची असेल, तर त्यांच्या वाटणीचे परतीचे अंतर कोणीतरी दुसऱ्याने कापावे लागते. परदेशी खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा असल्यामुळे भारतातील बहुतेक क्लब त्या जागा गोल करणारे आणि चढाया रचणारे यांच्यासाठी वापरतात, आणि राखणीचे हे काम स्वाभाविकपणे भारतीय मध्यरक्षकाकडे येते.

भारतीय संघात लॉरेन्सला इंग्लिश प्रशिक्षक बॉब हाउटन यांच्या काळात याच प्रकारची जबाबदारी मिळाली. हाउटन यांचा संघ आखीव रचनेत, दोन फळ्यांमधले अंतर कमी ठेवून खेळत असे, आणि अशा रचनेत मध्यरक्षकाने जागा सोडली की सारी आखणी कोलमडते. या काळातला त्याचा सर्वांत लक्षात राहिलेला क्षण मात्र गोलचाच आहे, हा एक योगायोग म्हणावा लागेल. ३० जुलै २००८ रोजी हैदराबादमध्ये एएफसी चॅलेंज चषकाच्या पहिल्या सामन्यात अफगाणिस्तानविरुद्ध नव्वद मिनिटे संपली तरी गोल झालेला नव्हता, आणि भरपाई वेळेत लॉरेन्सने केलेल्या गोलमुळे भारत १-० असा जिंकला. पुढे १३ ऑगस्टला दिल्लीतील आंबेडकर स्टेडियमवर अंतिम सामन्यात सुनील छेत्रीने तीन गोल केले, भारताने ताजिकिस्तानला ४-१ असे हरवले आणि २०११ च्या आशिया चषकाची पात्रता मिळवली, जी त्याआधी १९८४ मध्ये मिळाली होती. इतिहासात छेत्रीचे तीन गोल ठळक राहिले, आणि ते योग्यही आहे. पण सामना संपत आला असताना मध्यरक्षकाच्या पायात प्रतिस्पर्ध्याच्या गोलपर्यंत जाण्याचे बळ शिल्लक होते, हा आधी वर्णन केलेल्या दमाचाच परिणाम आहे.

दोहा येथे झालेल्या २०११ च्या त्या आशिया चषकाने या कामाची मर्यादाही दाखवून दिली. लॉरेन्सचा समावेश असलेल्या भारतीय संघाने ऑस्ट्रेलियाविरुद्ध चार, बहारीनविरुद्ध पाच आणि दक्षिण कोरियाविरुद्ध चार असे तेरा गोल स्वीकारले. समोरचा संघ वेगाने आणि अचूकपणे पास देऊ लागला की एकटा-दुकटा मध्यरक्षक कितीही राबला तरी मध्यभाग झाकला जात नाही, कारण चेंडू नेहमीच माणसापेक्षा वेगाने धावतो. त्यासाठी पुढच्या खेळाडूंनीही दबाव आणावा लागतो आणि मागच्यांनी अंतर कमी करावे लागते. आधीचा कर्णधार बायचुंग भूतिया याच्या निवृत्तीनंतर बदलत्या संघाचे नेतृत्व काही काळ लॉरेन्सकडे आले, आणि कारकिर्दीच्या उत्तरार्धात, २०१४ मध्ये, तो इंडियन सुपर लीगच्या पहिल्या हंगामात ॲटलेटिको द कोलकाता संघात होता. त्या संघाने विजेतेपद मिळवले तो अंतिम सामना ठाणे जिल्ह्यातच, नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर, २० डिसेंबर २०१४ रोजी झाला.

कालाब्रियाचा गात्तुसो

जगभरात या भूमिकेचा चेहरा म्हणून ज्याचे नाव घेतले जाते, त्या जेनारो गात्तुसोचा जन्म ९ जानेवारी १९७८ रोजी इटलीच्या दक्षिण टोकाच्या कालाब्रिया प्रांतातील कोरिल्यानो कालाब्रो येथे झाला. पेरुजा क्लबमध्ये घडलेला हा खेळाडू १९९७ मध्ये स्कॉटलंडच्या रेंजर्स क्लबकडे गेला आणि तेथील धसमुसळ्या, अंगावर येणाऱ्या खेळाची सवय त्याला विशीच्या आतच झाली. पुढच्या वर्षी तो सालेर्नितानासाठी इटलीत परतला, १९९९ मध्ये एसी मिलानमध्ये दाखल झाला आणि २०१२ पर्यंत तेथेच राहिला. मिलानसाठी ४६८ सामन्यांत त्याचे गोल अवघे ११ आहेत. मात्र त्याच काळात क्लबने २००३ आणि २००७ मध्ये चॅम्पियन्स लीग, तर २००४ आणि २०११ मध्ये इटालियन साखळीचे विजेतेपद जिंकले.

२००६ च्या विश्वचषकात इटलीने सात सामन्यांत मिळून फक्त दोन गोल स्वीकारले, आणि त्यांतला एक इटलीच्याच खेळाडूकडून चुकून झालेला स्वयंगोल, तर दुसरा अंतिम सामन्यात फ्रान्सच्या झिदानने मारलेली पेनल्टी होती. म्हणजे चालू खेळात कोणत्याही प्रतिस्पर्ध्याला इटलीच्या जाळ्यात चेंडू मारता आला नाही. याचे श्रेय गोलरक्षक बुफॉन आणि बचावपटू कानावारो यांना मिळाले, कानावारोची त्या वर्षी युरोपातील सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून निवडही झाली. परंतु त्यांच्यापर्यंत पोहोचणाऱ्या चढायांची संख्या आणि वेग कमी करण्याचे काम त्यांच्या पुढे उभा असलेला गात्तुसो करीत होता. या कामाची शारीरिक किंमतही त्याला मोजावी लागली. डिसेंबर २००८ मध्ये गुडघ्याचा अस्थिबंध फाटल्याने तो कित्येक महिने मैदानाबाहेर राहिला, तर २०११ मध्ये डोळ्याच्या विकारामुळे त्याला खेळ थांबवावा लागला होता. वारंवार झटकन थांबणे, वळणे आणि अंगावर धक्के घेणे यांचा ताण गुडघे व घोटे यांवर साठत जात असल्याने या भूमिकेतील खेळाडूंना दुखापतीचा धोका कायमच असतो.

राबणारा आणि रचणारा

गात्तुसोच्या कारकिर्दीतला सर्वांत शिकण्यासारखा भाग म्हणजे मिलानमधील सहखेळाडू आंद्रेआ पिर्लोबरोबरची त्याची जोडी होय. पिर्लोच्या पासची अचूकता विलक्षण होती, पण तो ना वेगवान होता, ना झुंजार. म्हणून प्रशिक्षक कार्लो आन्चेलोत्ती यांनी त्याला आघाडीजवळच्या गर्दीतून काढून बचावफळीच्या लगेच पुढे, जेथे विचार करायला वेळ मिळतो अशा जागी खेळवले. ही जागा बचावात कमकुवत असलेल्या खेळाडूकडे सोपवणे धोक्याचे होते, आणि तो धोका पत्करता आला तो शेजारी गात्तुसो होता म्हणूनच. तो पिर्लोच्या वाट्याची झटापट स्वतः करीत असे, चेंडू मिळवून दोन-तीन मीटरचा साधा पास पिर्लोला देत असे आणि पुढची चाळीस मीटरची रचना त्याच्यावर सोडून देत असे.

हीच रचना भारतात अलीकडच्या काळात पाहायला मिळाली. स्पॅनिश प्रशिक्षक सेर्हिओ लोबेरा यांच्या संघात चेंडू वाटण्याचे काम मोरोक्कोच्या अहमद जाहूकडे असे. एफसी गोवाकडून खेळताना त्याच्या शेजारी गोव्याचा लेनी रॉड्रिग्ज होता, आणि लोबेरा व जाहू मुंबई सिटी एफसीकडे गेल्यावर ती जागा गोव्याच्याच रॉलिन बोर्जेसने घेतली. एफसी गोवाने २०१९-२० मध्ये इंडियन सुपर लीगच्या साखळी टप्प्यात अव्वल स्थान मिळवले, तर मुंबई सिटीने २०२०-२१ मध्ये अव्वल स्थान आणि विजेतेपद असे दुहेरी यश संपादन केले. क्लब बदलला, शहर बदलले, तरी रचणाऱ्याच्या शेजारी राबणारा लागतोच, हे या दोन संघांनी दाखवून दिले.

जे मोजले जात नाही

गोल, पास आणि टॅकल मोजता येतात, परंतु जो पास देण्याचा विचार प्रतिस्पर्ध्याने सोडून दिला, तो कोणत्याही तक्त्यात येत नाही. एवढेच कशाला, टॅकलची संख्या जास्त असणे हे कधी कधी जागा चुकल्याचे लक्षणही असू शकते, कारण योग्य जागी उभ्या असलेल्या खेळाडूला टॅकल करण्याची वेळ कमी येते. त्यामुळे अशा खेळाडूचे मोल तो संघातून गेल्यावर अधिक स्पष्ट होते. रेआल माद्रिदने २००३ च्या उन्हाळ्यात डेव्हिड बेकहॅमला संघात आणले आणि त्याच सुमारास क्लॉद माकेलेले हा बचावात्मक मध्यरक्षक चेल्सीला विकला. त्याआधीच्याच हंगामात स्पेनचे विजेतेपद मिळवलेल्या माद्रिदला ते पुन्हा मिळण्यासाठी २००७ उजाडावे लागले, तर चेल्सीने २००५ आणि २००६ अशी लागोपाठ दोन वर्षे इंग्लंडचे विजेतेपद जिंकले. एका खेळाडूच्या बदलाने एवढे सारे घडले असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल, कारण दोन्ही क्लबांत प्रशिक्षकांसह पुष्कळ गोष्टी बदलल्या; पण नामवंत चढाईपटूंनी भरलेल्या संघाचाही मध्यभाग उघडा पडला की तोल जातो, हा धडा फुटबॉलजगताने त्यातून घेतला.

चौकट : थोडक्यात

• बचावात्मक मध्यरक्षक बचावफळीच्या पुढचा मधला पट्टा राखतो, कारण तेथून चढाईचे सर्व मार्ग फुटतात.
• त्याच्या कामाचा क्रम : जागा घेणे, खोळंबा करणे, पास अडवणे, उसळलेला चेंडू मिळवणे आणि शेवटी टॅकल.
• एका सामन्यात तो साधारण १० ते १२ किलोमीटर धावतो. त्यातला अगदी थोडा भाग चेंडूसह असतो.
• दम म्हणजे दोन वेगवान धावांच्या मध्ये पुन्हा ताजे होण्याची क्षमता. ती सरावाने वाढते.
• प्रमुख उदाहरणे : गात्तुसो (इटली), माकेलेले (फ्रान्स), क्लायमॅक्स लॉरेन्स, लेनी रॉड्रिग्ज, रॉलिन बोर्जेस (गोवा).

सामना पाहताना आणि संघ निवडताना

नौपाड्यापासून कल्याण-डोंबिवलीपर्यंत रात्री जागून युरोपातले सामने पाहणारा प्रेक्षकवर्ग मोठा आहे, परंतु दूरचित्रवाणीचा कॅमेरा चेंडूच्या मागे फिरत असल्यामुळे मध्यरक्षकाचे निम्मे काम पडद्याबाहेरच राहते. ते पाहायचे असेल तर प्रत्यक्ष मैदानावर जाऊन सामना पाहावा, आणि निदान दहा मिनिटे चेंडूकडे न पाहता एकाच मध्यरक्षकावर नजर ठेवावी : संघाने चेंडू गमावताच त्याचे पहिले पाऊल कोणत्या दिशेला पडते, चेंडू येण्याआधी तो किती वेळा मान वळवून मागे पाहतो, आणि चेंडू मिळाल्यावर तो किती लवकर सोबत्याकडे सोपवतो, या तीन गोष्टी टिपल्या तरी त्याचा दर्जा कळतो.

शाळा आणि क्लबांच्या पातळीवर संघ निवडणाऱ्यांनी तर याकडे विशेष लक्ष दिले पाहिजे. चाचणीच्या दिवशी उठून दिसतात ती चेंडू पायात घोळवणारी मुले, आणि जागा धरून खेळणारा, सोबत्याची चूक निस्तरणारा मुलगा किंवा मुलगी सहज नजरेआड होते. प्रशिक्षकांनी निवड करताना गोल आणि कौशल्य यांच्या बरोबरीने चेंडू गमावल्यानंतरची धाव आणि जागेची जाण यांनाही स्वतंत्र गुण द्यावेत, आणि पालकांनीही घरी आलेल्या खेळाडूला ‘किती गोल केलेस?’ या प्रश्नासोबत ‘किती चेंडू अडवलेस?’ हा प्रश्न विचारावा.